प्लेस्टेशन २ : गेम लोडर सोडून उरलेले होमब्रू कोण वापरते?

पुनवडीकर

प्लेस्टेशन २ वरील होमब्रूचा, म्हणजे हौशी मंडळींनी स्वतः लिहिलेल्या प्रोग्रॅमांचा, विषय निघाला की गप्पा लगेच ओपन पीएस२ लोडरवर (खेळ डिस्कऐवजी पेनड्राइव्ह, हार्डडिस्क किंवा नेटवर्कवरून चालवणारा प्रोग्रॅम) येतात आणि कोणता खेळ कुठे अडखळतो, यावर संपतात. तो लोडर उत्तम आहे, त्याविषयी तक्रार नाही. परंतु मार्च २००० मध्ये जपानमध्ये आलेल्या आणि जानेवारी २०१३ मध्ये उत्पादन थांबेपर्यंत पंधरा कोटींहून अधिक खपलेल्या या यंत्रासाठी हौशी मंडळींनी चित्रपट दाखवणारे, फायली हलवणारे, त्याहून जुन्या कन्सोलांची नक्कल करणारे, इतकेच काय, तर यंत्राच्या रॉमची (आत कायमच्या कोरलेल्या मूळ प्रोग्रॅमची) ओळख पटवून देणारे प्रोग्रॅमही लिहिले आणि त्यांतले बहुतेक आज कुणाच्या खिजगणतीतही नाहीत. माझे मत असे, की हे यंत्र आतून कसे आहे हे कळण्यासाठी लोडरपेक्षा हे दुर्लक्षित प्रोग्रॅम अधिक उपयोगी पडतात, कारण प्रत्येकाला यंत्राच्या एखाद्या वेगळ्या उणिवेशी झगडावे लागले आहे.

माझ्याकडे ७७००० मालिकेतील स्लिम, म्हणजे नंतरचे पातळ मॉडेल, आहे आणि मेमरी कार्डावर फ्री एमसीबूट (यंत्र सुरू होताच कार्डावरून बाहेरचे प्रोग्रॅम चालवू देणारी सोय) आहे. आपण खेळ सोडून काय चालवता? आणि ते आजही चालवण्याजोगे आहे, की केवळ जपून ठेवण्याजोगे?

चतकोर

आमच्या पीएस-टूवर सध्या धूळ हे एकमेव होमब्रू चालते. अतिशय स्थिर आवृत्ती आहे, कधीही बंद पडत नाही.

आडवा_छेद

माझे उत्तर सिंपल मीडिया सिस्टीम, म्हणजे एसएमएस. पेनड्राइव्ह, हार्डडिस्क किंवा नेटवर्कवरून डिव्हएक्स आणि एक्सव्हिड चित्रपट दाखवणारा हा प्रोग्रॅम एका माणसाच्या चिकाटीचे फळ आहे आणि माझ्या मते या यंत्रावरील सर्वांत देखणे हौशी काम आहे.

ते देखणे का, हे थोडे सविस्तर सांगतो. पीएस-टूच्या इमोशन इंजिन या मुख्य चिपमध्ये आयपीयू नावाचा एक विभाग आहे. तो डीव्हीडीच्या एमपीईजी-२ चित्राचे संकुचन उलगडण्यात मदत करतो. एमपीईजी-४ घराण्यातील डिव्हएक्ससाठी मात्र यंत्रात अशी कोणतीही तयार सोय नाही. म्हणजे ते सारे काम सुमारे २९५ मेगाहर्ट्झच्या मुख्य प्रोसेसरकडून, ३२ एमबी स्मृतीत, एकही चौकट न गाळता करून घ्यायचे. त्याच काळातल्या घरगुती संगणकांची असे चित्रपट दाखवताना कशी दमछाक होत असे, हे ज्यांना आठवते त्यांना यातली करामत कळेल. १२८ बिटांच्या मल्टिमीडिया सूचना आणि प्रोसेसरला जोडलेली १६ केबीची स्क्रॅचपॅड स्मृती नीट राबवल्याखेरीज हे जमणारे नव्हते.

सडेतोड

करामत मान्य, उपयोग अमान्य. आजच्या साध्यातल्या साध्या टीव्हीला पेनड्राइव्ह लावला की चित्रपट दिसतो, तोही अधिक चांगल्या दर्जाचा. त्यासाठी पीएस-टू सुरू करणे म्हणजे घरी नळ असताना आडावर जाण्यासारखे आहे. धागाकर्त्यांच्या प्रश्नाला माझे उत्तर स्पष्ट आहे : हे प्रोग्रॅम संग्रहात ठेवावेत, वापरू नयेत. वापरण्याजोगे एकच, ते म्हणजे लोडर.

आडवा_छेद

सडेतोड, आपण लोडरचे नाव घेतलेच आहे, तर एक हिशेब मांडतो. पीएस-टूची यूएसबी १.१ प्रकारची आहे. कागदावर सेकंदाला १२ मेगाबिट, प्रत्यक्षात जेमतेम एक मेगाबाइट. यंत्राची डीव्हीडी ड्राइव्ह चारपट वेगाची, म्हणजे सेकंदाला पाच मेगाबाइटांच्या वर. त्यामुळे पेनड्राइव्हवरून खेळ चालवला की चलच्चित्रे अडखळतात, आवाज तुटतो, आणि लोक लोडरला नावे ठेवतात. याउलट ७०० एमबीचा दोन तासांचा चित्रपट घेतला तर त्याला सेकंदाला सरासरी पाऊण-एक मेगाबिट एवढेच लागतात. म्हणजे ज्या भोकातून खेळाचा जीव जात नाही, त्यातूनच चित्रपट आरामात जातो. या यंत्राच्या यूएसबीला शोभणारे काम लोडर करत नाही, एसएमएस करते.

सडेतोड

खेळासाठी पेनड्राइव्ह वापरावा असे मी म्हटलेलेच नाही. सुरुवातीच्या जाड मॉडेलात नेटवर्क अडॅप्टर आणि हार्डडिस्क, स्लिममध्ये नेटवर्क. प्रश्न मिटला.

खटपट्या

स्लिममध्ये नेटवर्क जोडताना एक अडचण येते. लोडरला एसएमबीची (विंडोजच्या नेटवर्कवर फायली वाटण्याच्या पद्धतीची) पहिली आवृत्ती लागते आणि विंडोज १० च्या २०१७ अखेरच्या आवृत्तीपासून ती मुळातच बंद ठेवलेली असते. ती सुरू करणे सुरक्षेच्या दृष्टीने शहाणपणाचे नाही. त्याऐवजी यूडीपीबीडी पाहावे. त्यात फायली वाटून देण्याचा खटाटोपच नाही, संगणकावरील डिस्क थेट ठोकळ्याठोकळ्यांनी पाठवली जाते, त्यामुळे कन्सोलवरील भारही कमी होतो. दुसरा मार्ग एमएक्स४एसआयओ : मेमरी कार्डाच्या खाचेत बसणारा एसडी कार्डाचा छोटा अडॅप्टर. यूएसबीपेक्षा वेगवान आहे, मात्र एक मेमरी कार्डाची जागा अडते.

नवखी

मी इथे नवीन आहे. दादाचा जुना पीएस-टू माझ्याकडे आला आहे, ९०००० मालिकेतील. एका विक्रेत्याकडून फ्री एमसीबूट भरलेले ६४ एमबीचे कार्ड मागवले, पण ते लावूनही नेहमीचाच पडदा येतो. कार्ड खराब आहे की यंत्र?

खटपट्या

बहुधा दोन्ही ठणठणीत आहेत आणि जोडी चुकली आहे. यंत्राच्या मागील चिकटपट्टीवर तारखेचा संकेत असतो. ९०००० मालिकेत तो ८सी किंवा पुढचा असेल, तर आत बहुतेक २.३० क्रमांकाचे रॉम असते आणि फ्री एमसीबूटची वाट त्यात बंद केलेली आहे. २००८ पासून हे कार्ड वापरणाऱ्या सर्वांना हा उंबरठा कधी ना कधी लागलेला आहे.

अशा यंत्रासाठी ओपनट्यूना आहे. मेमरी कार्डावरील नोंदींची चित्रे न्याहाळताना यंत्राची जी गफलत होते, तिचा उपयोग तो करून घेतो. याला कार्डातील मॅजिकगेट (सोनीचे कूटलेखनाचे कुलूप) लागत नाही, त्यामुळे स्वस्तातले ६४ एमबीचे कार्डही चालून जावे. एक ध्यानात ठेवा : फ्री एमसीबूटच्या फायली एका कार्डावरून दुसऱ्यावर नुसत्या उतरवून चालत नाहीत, कारण त्या त्या-त्या कार्डाशी बांधलेल्या असतात. त्या इन्स्टॉलरनेच बसवाव्या लागतात.

कार्डच नको असेल तर जून २०२० मध्ये प्रसिद्ध झालेले फ्रीडीव्हीडीबूट पाहा. मुख्य मेनूत त्रिकोणाचे बटण दाबले की डीव्हीडी प्लेयरची आवृत्ती दिसते. ती नोंदवून घ्या, जुळणारी इमेज कोऱ्या डीव्हीडी-आरवर लिहा आणि डिस्क फायनलाइज करायला, म्हणजे पुढचे लेखन कायमचे बंद करायला, विसरू नका.

नवखी

चिकटपट्टीवर ८डी आहे. आता सगळा उलगडा झाला. आभार.

कार्यकारण

वरील प्रतिसादात मेमरी कार्ड आणि डीव्हीडी या दोनच वाटा आल्या आहेत, त्यामागे इतिहास आहे. सुरुवातीस यंत्रात वेगळी चिप बसवल्यावाचून बाहेरचा प्रोग्रॅम चालत नसे. २००३ मध्ये मेमरी कार्डाची पहिली वाट सापडली. पीएस-वनचा खेळ घातला की पीएस-टू कार्डावरची टायटल.डीबी नावाची फाइल वाचून त्या खेळासाठी काही विशेष जुळवाजुळव करायची आहे का ते पाहत असे, आणि त्या फाइलमध्ये अपेक्षेपेक्षा लांब नोंद ठेवली की नियंत्रण आपल्या हाती येई. म्हणजे आपला प्रोग्रॅम चालवण्यासाठी पीएस-वनची एक खरी डिस्क हवीच. पुढच्या मॉडेलांत ती फट बुजवली गेली.

फ्री एमसीबूटचे कौतुक यासाठी, की तिथे कुठलीही फट कोरावी लागली नाही. सुरू होताना कार्डावर स्वतःची नवी आवृत्ती आहे का हे पाहण्याची सोय यंत्रातच होती. पेच एवढाच होता, की ती आवृत्ती मॅजिकगेटच्या कुलपात असायला हवी. ते कुलूप कसे घालायचे हे कळल्यावर यंत्र आपणहून दार उघडू लागले.

शंकेखोर

हे सारे वाचून कुतूहल वाटते, पण मूळ प्रश्न कोणीच विचारत नाही. हे कायद्यात बसते का?

कलमकसाई

व्यवसायाने वकील असल्याने उत्तर देतो. हा सल्ला समजू नये. २०१२ च्या दुरुस्तीने आपल्या कॉपीराइट कायद्यात कलम ६५अ आले. त्यानुसार तांत्रिक संरक्षण भेदणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो, परंतु त्या कलमात हक्कभंगाचा हेतू हा शब्दशः आवश्यक घटक आहे, आणि कायद्याने स्पष्टपणे मना न केलेल्या कारणासाठी केलेली कृती त्याच कलमाच्या पुढच्या भागात वगळली आहे. स्वतः लिहिलेला किंवा लेखकाने मुक्त परवान्याखाली वाटलेला प्रोग्रॅम चालवण्यात कुणाचा हक्क भंगतो, हे सांगणे कठीण आहे. विकत घेतलेल्या संगणकीय प्रोग्रॅमची, तो नष्ट होण्याच्या भीतीपोटी, राखीव प्रत करण्याला कलम ५२ मध्ये वेगळी मुभा आहे. शेजाऱ्याकडून आणलेल्या शंभर खेळांच्या हार्डडिस्कला मात्र यातले काहीही लागू होत नाही.

थोडक्यात, या धाग्याचा विषय, म्हणजे लोडर सोडून उरलेले होमब्रू, कायद्याच्या दृष्टीने सर्वांत स्वच्छ भाग आहे.

चतकोर

आणि धुळीला तर कोणताच परवाना लागत नाही.

अर्धा_र

एसएमएसविषयी एक भर. त्यात सबटायटलची सोय आहे, मात्र ती युरोपीय लिप्यांपुरती. देवनागरी त्याला उमजत नाही. मराठी सबटायटल हवीच असतील तर संगणकावर एफएफएमपेग या प्रोग्रॅमने ती आधीच चित्रात छापून घ्यावीत, कारण तिथे अक्षरजोडणीचे काम हार्फबझ ही लायब्ररी चोख करते. फाइल पुन्हा एनकोड करावीच लागते, तेव्हा त्याच फेरीत चित्रही पीएस-टूला झेपेल एवढे लहान करून टाकावे.

ओपन पीएस२ लोडरच्या मेनूत मराठी आणण्याचा प्रकार अधिक रंजक आहे. लोडरला भाषेची फाइल आणि तिच्यासोबत स्वतःचा फॉन्ट देता येतो. अक्षरे रेखाटण्यासाठी तो फ्रीटाइप वापरतो, परंतु फ्रीटाइपचे काम एकेक आकृती काढण्याचे. कोणती आकृती कुठे बसवायची हे ठरवण्याचे नाही. परिणामी युनिकोडमध्ये लिहिलेल्या 'स्थिती'तील पहिली वेलांटी थ च्या पुढे जाऊन पडते आणि स चा पाय मोडलेला राहतो. यावर उपाय म्हणून मी छापखान्यांत आणि डीटीपीच्या दुकानांत वर्षानुवर्षे वापरल्या गेलेल्या जुन्या पद्धतीचा फॉन्ट लावला, ज्यात देवनागरीच्या आकृत्या रोमन अक्षरांच्या जागी बसवलेल्या असतात आणि पहिली वेलांटी, दिसते त्याच क्रमाने, व्यंजनाच्या आधी टंकावी लागते. एकेक आकृती ओळीने मांडणाऱ्या रेखाटकाला नेमके हेच हवे असते. भाषेची फाइल संगणकावर उघडली तर निव्वळ रोमन अक्षरांचा गोंधळ दिसतो. टीव्हीवर शुद्ध मराठी.

पुनवडीकर

अर्धा_र, हे अप्रतिम आहे. युनिकोड आल्यावर ज्या फॉन्टांना आपण सर्वांनी शिव्या दिल्या, ते इथे कामी यावेत! ती फाइल इथे द्याल का?

अर्धा_र

भाषेची फाइल देईन. फॉन्ट देता येणार नाही, तो मुक्त परवान्याचा नाही. वरचे वकीलसाहेब वाचत आहेत.

टेम्स_काठी

इथे इंग्लंडमध्ये पीएस-टूसोबत मिळालेल्या डेमो डिस्कवर याबेसिक होते, म्हणजे चक्क बेसिक भाषेचा दुभाष्या. रेषा, त्रिकोण, अक्षरे पडद्यावर काढता येत आणि प्रोग्रॅम मेमरी कार्डावर साठवता येई. युरोपीय आयातशुल्काच्या वर्गवारीत पीएस-टूला संगणकाचा दर्जा मिळावा यासाठी सोनीचे प्रयत्न चालू होते आणि याबेसिकचा उगम त्याच्याशी जोडला जातो. कारण काहीही असो, युरोपातल्या मुलांना विनाचिप, विनाफट, अधिकृतपणे स्वतःचा प्रोग्रॅम लिहिता येत होता. नियतकालिकांतून आणि संकेतस्थळांवरून छापलेले ते चिमुकले खेळ हे माझ्या मते या यंत्रावरील पहिले होमब्रू, आणि आज ते सर्वाधिक विस्मृतीत आहेत.

२००२ मध्ये इथे आणि अमेरिकेत आलेला अधिकृत लिनक्स संचही नोंदवायला हवा. ४० जीबीची हार्डडिस्क, नेटवर्क अडॅप्टर, कीबोर्ड, माउस आणि डिस्कवर इमोशन इंजिन व ग्राफिक्स सिंथेसायझर (चित्रे काढणारी चिप) यांच्या माहितीपुस्तिका असा तो ऐवज होता. पुढील वर्षी अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठाच्या एनसीएसए या केंद्राने साठ-सत्तर पीएस-टू जोडून त्याच लिनक्सवर गणनेचा समूह उभारला होता. पण हौशी मंडळींना त्यातून लाभले ते लिनक्सपेक्षा त्या पुस्तिकांतले ज्ञान.

सडेतोड

हे इतिहास म्हणून रोचक आहे, आणि माझाच मुद्दा सिद्ध करते. याबेसिक आज वापरणारा कोण आहे?

रिकामी_कॅश

सडेतोड, याबेसिक नसेल, पण त्याचे वारस आहेत. एन्सेलाडसमध्ये ल्युआ भाषेत आणि अथीनाएन्व्हमध्ये जावास्क्रिप्टमध्ये पीएस-टूसाठी प्रोग्रॅम लिहिता येतात. ३२ एमबीच्या यंत्रावर जावास्क्रिप्ट ही कल्पना ऐकताच मी नाक मुरडले होते, पण द्विमितीय खेळापुरते ते बेताचे का होईना, चालते. सी मध्ये लिहायचे असेल तर पीएस२एसडीके मुक्त आणि आजही जोपासलेले आहे.

लिहिणाऱ्यांसाठी एक इशारा, जो कोणत्याही पाठात ठळकपणे दिलेला आढळत नाही. संगणकावर पीएस-टूची नक्कल करणाऱ्या पीसीएसएक्स२ या एम्युलेटरवर आपली एल्फ फाइल (पीएस-टूवर चालणारा तयार प्रोग्रॅम) थेट चालवता येते, त्यामुळे सारे काम संगणकावरच उरकण्याचा मोह होतो. परंतु तो एम्युलेटर एरवी प्रोसेसरच्या डेटा कॅशची (जवळच्या छोट्या तात्पुरत्या स्मृतीची) नक्कल करत नाही. खऱ्या यंत्रात आपण स्मृतीत लिहिलेली माहिती आधी कॅशमध्ये राहते आणि डीएमए (प्रोसेसरला वळसा घालून माहिती हलवणारी यंत्रणा) मात्र थेट मुख्य स्मृतीतून वाचतो. कॅश रिकामी न करता चित्र पाठवले तर एम्युलेटरवर निर्दोष दिसणारे चित्र टीव्हीवर पट्टेरी ठिगळांनी भरलेले दिसते. कित्येक जुने प्रोग्रॅम काही यंत्रांवर विचित्र वागतात, त्यामागे अशाच चुका असतात. म्हणून खरे यंत्र हाताशी हवेच, मग ते कितीही जुनाट असो.

कार्यकारण

याला जोड. यंत्रायंत्रांतही फरक आहे. ७५००० मालिकेपासून पुढे सोनीने पीएस-वनचा मूळ प्रोसेसर काढून त्या जागी पॉवरपीसी घराण्यातील चिप बसवली, जी जुन्या प्रोसेसरची नक्कल करते. पेनड्राइव्ह, मेमरी कार्ड, नेटवर्क हे सर्व त्याच बाजूला असल्याने जुन्या होमब्रूची कुरकुर तिथेच सुरू होते. धागाकर्त्यांचे ७७००० याच गटातले आहे. त्यांच्याकडे एखादा जुना प्रोग्रॅम काळ्या पडद्यावर थिजला तर दोष फाइलचा आहे असे लगेच मानू नये, जाड मॉडेलावरही तपासावे.

पुनवडीकर

नेमके हेच घडत होते. दोन जुने एम्युलेटर माझ्याकडे काळ्या पडद्यापुढे जात नाहीत. एका परिचितांकडील जाड यंत्रावर ते आता तपासतो.

आता मूळ प्रश्नाकडे. सडेतोड यांचे 'संग्रहात ठेवा, वापरू नका' हे मत मला पटत नाही, आणि कारण भावनिक नाही. जो प्रोग्रॅम कोणी चालवत नाही, तो कोणत्या मॉडेलावर चालतो आणि कोणत्या नाही, ही माहिती कुठेच नोंदली जात नाही. उरते ती केवळ फाइल. रिकामी_कॅश आणि कार्यकारण यांनी सांगितलेले दोन्ही मुद्दे फाइल पाहून कळणारे नाहीत, ती चालवूनच कळतात. चित्रपट पाहण्यासाठी एसएमएसची गरज नाही हे मान्य, पण ७७००० वर ते पाहता येतात की नाही हे लिहून ठेवणारा कोणीतरी हवा.

सडेतोड

म्हणजे वापरणे नव्हे, तपासणे. तेवढ्याला माझी ना नाही. चित्रपट मी टीव्हीवरच पाहीन.

आडवा_छेद

तपासणारच असाल तर एक विनंती. जानेवारी २०१२ मध्ये मेगाअपलोड बंद पडले तेव्हा जुन्या चर्चांमधील असंख्य दुवे एका रात्रीत मेले आणि नंतर तेच प्रोग्रॅम कुणीकुणी आपल्या मर्जीने गठ्ठे बांधून, नावे बदलून पुन्हा वर चढवले. त्यामुळे 'एसएमएस चालले नाही' एवढेच लिहून उपयोग नाही. एल्फ फाइलचा आकार, तिचा चेकसम (फाइलच्या मजकुरावरून काढलेली ओळखसंख्या), यंत्राचे पूर्ण मॉडेल, रॉमची आवृत्ती (ही पीएस२आयडेंट सांगतो, धागाकर्त्यांनी उल्लेखलेला ओळख पटवणारा प्रोग्रॅम तोच) आणि तो कोणत्या माध्यमावरून सुरू केला, एवढे तरी लिहावे. मी माझ्या जाड ३९००० वर एसएमएस आणि दोन एम्युलेटर तपासून रविवारपर्यंत इथेच नोंद टाकतो.

नवखी

९०००० आणि ८डी असलेले यंत्र माझ्याकडे आहे. ओपनट्यूना बसले की त्याची बाजू मी लिहीन. चेकसम कसा काढायचा, तेवढे कोणीतरी सांगा.

खटपट्या

विंडोजवर कमांड प्रॉम्प्ट उघडून सर्टयूटिल, त्यापुढे हॅशफाइल, मग फाइलचे नाव आणि शेवटी एसएचए२५६ असे लिहावे. आज्ञा अर्थातच रोमन लिपीत आणि हॅशफाइलच्या आधी आडवी रेघ. येणारी लांबलचक ओळ जशीच्या तशी इथे चिकटवा.